दर्भाचा कावळा

"विश्वास ठेवायचा नसेल तर ठेवू नका, आजवर कुणी ठेवलेला नाही. पण मी माझ्या स्वतःच्या दहाव्याला गेलो होतो. आणि तिथंही उशिरा पोचलो."

एवढं बोलून मी नदीकडं बघत गप्प बसलो. गोष्ट सांगणाऱ्यानं पहिल्या वाक्यानंतर जरा थांबावं. मासा गळ गिळतो तो त्याच वेळी.

गिळला तो जावईबापूंनी. जावईबापू म्हणजे माझ्या पुतणीचा, मंगलचा नवरा. पुण्याला औषधांच्या कंपनीत असतो. माणूस सज्जन, पण प्रत्येक गोष्टीची पावती मागणारा.

"स्वतःच्या? म्हणजे नाना, तुम्ही मेला होतात?"

"गावाच्या लेखी."

"आणि तुमच्या लेखी?"

"मला कुणी कळवलंच नव्हतं."

उत्तम, माझा पुतण्या, तशा प्रसंगातही हसला आणि लगेच ओशाळून त्यानं मुंडण केलेल्या डोक्यावरून हात फिरवला. बाप जाऊन दहा दिवस झाले होते. आम्ही बसलो होतो ते येरळेच्या घाटावर, माझ्या थोरल्या भावाच्या, ज्ञानूच्या दहाव्याला. प्रवचन झालं होतं, पाव्हणेरावळे उत्तमला दुखवट्याची टोपी घालून परत गेले होते. खाली पाण्याजवळच्या सपाट खडकावर पत्रावळीवर पिंड मांडला होता आणि वर करंजाच्या झाडावर दोन कावळे बसले होते. काही केल्या ते खाली येत नव्हते.

सगळ्यांनी सगळं बोलून झालं होतं. "आबा, आईला अंतर देणार न्हाई," असं उत्तम म्हणाला. "आबा, मी दर दिवाळीला येईन, माहेर तुटू देणार न्हाई," असं मंगल रडत रडत म्हणाली. जावईबापूंनीसुद्धा हात जोडून काहीतरी पुटपुटलं. कावळ्यांनी एकदा मान तिरकी करून खाली पाहिलं, फांदीला चोच घासली आणि पुन्हा पलीकडच्या उसाकडं तोंड केलं.

भटजी उन्हाकडं बघत होते. "उत्तमराव, वेळ झाली. दर्भाचा कावळा करू या. शास्त्राला मान्य आहे ते."

शास्त्राला मान्य आहे, माणसाला नाही. कावळा येत नाही म्हटल्यावर दर्भाच्या काड्या वळून त्याचा कावळा करतात आणि हातानं पिंडाला लावतात. विधी पुरा होतो. पण घरी परतणारा जो तो मनात म्हणतो, की गेलेल्याचं काहीतरी राहिलं.

"थोडं थांबा," असं माझी भावजय, हौसावहिनी, म्हणाली होती. ती करंजाच्या बुंध्याशी पदर ओढून बसली होती आणि त्यानंतर एक शब्द बोललेली नव्हती.

थांबायचं तर थांबायचं. पण नुसतं थांबणं माझ्या तोंडाला जमत नाही. म्हणून मी ही गोष्ट काढली. तिथं ती शोभायचीही.

"मी चौदा वर्षांचा असताना आपल्या जत्रेत तंबूचा सिनेमा आला होता," मी म्हणालो. "जत्रा उठली, त्यांनी ट्रक भरला. एक खांब कमी भरला आणि मला जास्त."

"पळून गेलात," जावईबापू म्हणाले.

"पळायला पाय लागतात. मी बसून गेलो. पुढं त्यांनी मला भोंग्यावर घेतलं. बैलगाडीतून गावभर फिरायचं आणि आजचा खेळ ओरडायचा. मी एका गावात सांगायचो, पडद्यावरचा वाघ प्रेक्षकांत उडी घेतो. पुढच्या गावात सांगायचो, मागच्या गावात त्यानं दोघांना धरलं. तंबू पुरायचा नाही."

"आणि घरी पत्र?"

"काय पत्ता घालणार खाली? कनात, मुक्काम वाटेत? गाव दर आठवड्याला बदलायचं. पाऊस लागला की आम्ही कर्नाटकात, पाऊस सरला की सोलापुराकडं. अशी पंधराएक वर्षं गेली. मी मालकाचा उजवा हात झालो होतो, मिशा होत्या, रेशमी गळपट्टा होता. आणि एक दिवस मिरजेच्या अलीकडं एका बाजारात आमच्या गावचा रामू कासार समोर आला. मला बघितलं आणि त्याच्या खांद्यावरची बांगड्यांची माळ खाली आली. अर्ध्या फुटल्या. म्हणाला, 'रंगा, तू हितं? आन् तिकडं उद्या तुझा दहावा हाय की!'"

"तुमचा? तुम्ही जिवंत असताना?" जावईबापूंनी भटजींकडं पाहिलं. "असं करता येतं?"

भटजींना बोलणं भाग पडलं. "बारा वर्षं माणसाची काही बातमी नसेल तर करतात. पळसाच्या पानांचा माणूस करायचा, त्याला अग्नी द्यायचा, आणि मग पुढचे दिवस."

"ऐका," मी म्हणालो. "मी काही मनचं सांगत नाही. माझा पानांचा माणूस केला होता. मी विचार केला, आपल्याच घरचं कार्य आहे, गेलं पाहिजे. पहाटेची एस.टी. धरली. ती वाटेत दोनदा बंद पडली. ओढ्याच्या नाक्यावर उतरलो तेव्हा सूर्य चांगला वर आला होता."

हे बोलताना मी कावळ्यांकडं पाहिलं. एक उडून गेला होता. दुसरा होता.

"नाक्यापासून मळ्याची वाट मी डोळे मिटूनही चाललो असतो. पण डोळे उघडे होते म्हणून चुकलो. जिथं बांधावर बोर होती तिथं विहीर झाली होती, जिथं पाणंद होती तिथं कुणाचं तरी वांग्याचं रान. बूट काढून हातात घेतले आणि पायांना सोडून दिलं, तेव्हा कुठं घर आलं.

"घर बुटकं झालं होतं. हसू नका. माघारी येणारा जो तो म्हणतो घर लहान वाटलं, तसलं नाही हे. आमचं माळवदाचं घर. दरसाल पावसाच्या आधी माळवदावर पांढऱ्या मातीचा थर चढवायचा, नाही तर गळतं. अंगणाला दर सणाला शेणमातीचा थर. म्हणजे वरून ओझं वाढतं आणि खालून अंगण वर येतं. पंधरा वर्षांत ते घर गुडघाभर जमिनीत बसलं होतं. दार मुळातच ठेंगणं. आजोबांनी मुद्दाम तसं केलं होतं म्हणे, घरात शिरणाऱ्याचं डोकं आपसूक वाकावं म्हणून. आता ते माझ्या छातीला लागत होतं."

"छातीला?" जावईबापू म्हणाले.

"बरं, हनुवटीला. तुमच्यासाठी चार बोटं सोडली. उंबऱ्याच्या उजव्या अंगाला ती खाच होती. आई तिथं विळा घासायची. मी लहानपणी त्या खाचेत गोट्या ठेवायचो आणि ती विळा घासायला आली की ओरडायची, 'रंग्या, तुझी अंडी उचल.' मी जाताना ती खाच बोटाएवढी होती. आता मनगटाएवढी झाली होती. मी तिच्यात हात ठेवून बघितला.

"आणि दाराला कुलूप. नवंकोरं, पितळी. आमच्या दाराला मी जन्मात कुलूप बघितलं नव्हतं.

"शेजारच्या ओट्यावर तुकाअण्णा दोरासाठी घायपाताचा वाक वळत बसला होता. डोळ्यानं पार अधू झालेला, पण हात चालू. माझी चाहूल लागली तशी त्यानं मान वर केली.

"'कोन हाय?'

"मी म्हणालो, 'वाटसरू. पाणी मिळंल का?'

"'त्या घरात आज मिळायचं न्हाई. दहावा हाय. नदीला गेलीत समदी. हिकडं या, डेऱ्यात हाय पाणी, घ्या आपल्या हातानं.'

"मी पाणी घेतलं. पंधरा वर्षांनी आमच्या विहिरीचं पाणी. तसंच किंचित मचूळ. मी म्हणालो, 'अण्णा, कुलूप नवं दिसतंय.' 'अण्णा' म्हणालो आणि जीभ चावली. पण म्हाताऱ्याचं ध्यान वाकात होतं.

"'आजच घातलंया,' तो म्हणाला. 'इतकी वर्सं या दाराला कडीबी न्हवती लागत. रातचीसुदिक. थोरला पोरगा भांडायचा, म्हणायचा चोर शिरतील. तर माय म्हणायची, चोर आला तर आला. धाकटं कवाबी यील. दार ठोठवायला त्येला लाज वाटली, तर बाहिरच्या बाहिर माघारी जाईल.'

"मी विचारलं, 'मग आज का लावलं कुलूप?'

"'आता कुणापायी उघडं ठेवायचं?' तो म्हणाला, आणि हातातल्या वाकाला पाण्याचा हात लावून पुन्हा वळायला लागला."

मी थांबलो. मंगलनं पदरानं नाक पुसलं.

"पण नाना," जावईबापू हळूच म्हणाले, "आजी कुठं होत्या तेव्हा? तुमच्या आई? तुमचाच दहावा म्हणजे…"

"तुम्ही मधे बोललात की धागा तुटतो," मी म्हणालो. "कुठं असणार? बायका कुठं यायच्या त्या काळी घाटावर?"

"मग घरात हव्यात. घराला तर कुलूप होतं."

"शेजारी असतील. दहा घरं होती शेजारची. ऐकायचंय का नाही?"

"सांगा, सांगा."

"दाराच्या बाजूला झरोका होता. एवढासा, मांजर जाईल इतका. मी त्याला डोळा लावला. आत अंधार, आणि मधल्या खांबाशी जमिनीवर उजेड. टोपली पालथी घातलेली, तिच्या विणीतून दिव्याचा उजेड येत होता आणि टोपलीच्या कडेला पीठ सांडलेलं दिसत होतं."

आता उत्तमनं मान वर केली. "नाना, पिठावरचा दिवा तर माणूस ज्या जागी जातो, त्या जागी ठेवत्यात. आपल्या आबांचा ठेवलाय तसा. तुम्ही तर परमुलखात होता."

"आणि पानांचा माणूस कुठं निजवला होता? रस्त्यात? त्याच खांबाशी निजवला होता. तिथनंच उचलला."

उत्तमला ते पटलं. तो बापावर गेलाय. पटवून घ्यायचं ठरवलं की पटवून घेतो. जावईबापूंना पटलं नाही. हौसावहिनी मान खाली घालून खडकावरच्या पिंडाकडं बघत होती. मी तिच्याकडं बघायचं टाळलं. ही गोष्ट सांगताना मी नेहमीच टाळतो.

"मी नदीकडं निघालो. वाटेत घाटावरून परतणारी माणसं भेटत होती. माझ्या वर्गातला किसन गेला, मला ओलांडून गेला. माझी चुलती गेली. रेशमी गळपट्टा बघून तिनं पदर नीट केला आणि वाट सोडली. कुणी ओळखलं नाही. आपल्या मयताला आलेल्या माणसांना आपणच वाट द्यायची, ही मजा दुसऱ्या कुणाच्या नशिबी आलीय का सांगा.

"बोलणी कानावर येत होती. 'कावळा शिवंना.' 'सकाळधरनं बसल्यात.' 'शिवंल कसा? जीव अडकलेला.' मी मनात म्हणालो, शिवेल कसा? ज्याचा पिंड तो इथं चाललाय दोन पायांवर. कावळा शहाणा पक्षी आहे. जित्या माणसाचा पिंड तो कशाला खाईल?"

"हे मात्र बरोबर आहे," जावईबापू म्हणाले. पहिल्यांदाच त्यांना गोष्टीत काहीतरी बरोबर सापडलं होतं.

"मी पोचलो तेव्हा घाट रिकामा झाला होता. हाच घाट, हाच खडक. करंज एवढा मोठा नव्हता. ज्ञानू होता, आत्ताच्या भटजींचे वडील होते, आणि थोडी लांब, अन्नाची पाटी घेऊन नवी नवरी, ही तुमची आई."

"आत्ता म्हणालात बायका यायच्या नाहीत," जावईबापू म्हणाले.

"पाटी कोण आणणार? भटजी?"

हे भटजींना आवडलं नसावं, पण तेही ऐकत होते. दर्भाची जुडी त्यांनी मांडीवर आडवी ठेवली होती.

"ज्ञानू खडकाशी उकिडवा बसला होता. डोकं भादरलेलं, ओलं धोतर अंगावरच वाळलेलं, खांद्यावर उपरणं. घसा पार बसला होता त्याचा. पानावर आवडीचं सगळं मांडलं होतं. भोपळ्याचे घारगे, शेंगोळे, ताकातली भाजी. घारगे बघून मला भूक लागली. आणि पानाच्या कडेला मिश्रीची डबी."

"मिश्री?" जावईबापू ताठ बसले. "चौदा वर्षांचं पोरगं मिश्री लावायचं?"

"दात किडके होते माझे."

मंगल रडता रडता हसली. उत्तम हसला. भटजींनी मान फिरवून हसू लपवलं. वहिनी हसली नाही.

"ज्ञानू त्या पानाशी बोलत होता. 'लिंबाला कुऱ्हाड लावणार न्हाई.' कावळा येईना. 'कपिलीची वासरं इकणार न्हाई.' कावळा येईना. 'हौसाला वाकडं बोलणार न्हाई, मारणार तर न्हाईच न्हाई.' वरती कावळ्यांची रांग लागलेली, पण एक खाली उतरेल तर शपथ. म्हातारे भटजी म्हणाले, 'ज्ञानबा, ऊन डोक्यावर आलं. दर्भाचा करू.' तेव्हा ज्ञानू त्यांच्या अंगावर ओरडला. तो कधी कुणावर ओरडत नसे, तुम्हाला माहीत आहे. 'माझ्या माणसाला गवताचा कावळा नगं,' म्हणाला. 'संध्याकाळ झाली तरी बसंन.'

"मी मागून पुढं झालो. म्हणालो, 'मी बोलून बघू का?'

"त्यानं वळून बघितलं. आधी गळपट्ट्याकडं, मग मिशांकडं, मग माझ्या पायांकडं. बूट हातातच होते माझ्या. माझ्या डाव्या पायाचं बोट लहानपणी त्याच्याच कुदळीनं फुटलं होतं, ते वाकडंच राहिलंय, बघा. त्या बोटाकडं तो किती तरी वेळ बघत बसला. मला वाटलं आता उठतोय आणि मारतोय. मारायला हवं होतं. मी बूट खाली ठेवले.

"तो उठला. एक पाऊल बाजूला सरला आणि म्हणाला, 'बोल.'

"एवढंच. पंधरा वर्षांनी भेटलेला भाऊ, एवढाच शब्द."

माझा आवाज घोगरा झाला होता. गोष्टीत ह्या जागी तो होतो. लोकांना वाटतं मी मुद्दाम करतो.

"खडक तापला होता. मी त्याच्यावर पालथा पडलो, साष्टांग. आपल्याच पिंडाला साष्टांग घालणारा माणूस तिन्ही लोकांत दुसरा नाही. कपाळ टेकलं, डोळे मिटले आणि म्हणालो…"

"काय म्हणालात?" उत्तमनं विचारलं. त्यानं ही गोष्ट दहा-वीस वेळा तरी ऐकली होती. लहान असताना तो माझ्या मांडीवर बसून ऐकायचा आणि ह्याच जागी हाच प्रश्न विचारायचा.

"म्हणालो, 'रंगा, आलास की रे घरी. आता खा.'

"काही नाही. सगळं गप्प. पाण्याचासुद्धा आवाज नाही. कपाळाला चटका बसत होता, पण मी उचललं नाही. मनात म्हणालो, हा नाही आला तर मी इथनंच माघारी. त्या दारातनं आत जायचं नाही. कुलूप तसंच राहू दे. ओढ्यावरच्या नाक्यापर्यंत जायचं, पहिली मिळेल ती एस.टी. धरायची, कनातीत जायचं आणि पुन्हा ह्या दिशेला तोंड करायचं नाही. खरं सांगतो, तसं ठरवलं होतं.

"आणि फडफड झाली. एकदम, कानाजवळ. माझ्या मानेवरनं वारा गेला, थंडगार. पंखांचा वारा. आणि ज्ञानू ओरडला, 'शिवला! शिवला! रंगा, शिवला रं!'

"मी मान वर केली तेव्हा पानावरचा भात विस्कटलेला, घारग्याचा तुकडा उडालेला, आणि कावळा गेलेला. इतका चपळ कावळा मी बघितला नाही. म्हणजे बघितलाच नाही. घास घेतला आणि उसात गडप. म्हातारे भटजी सामान आवरत होते. ज्ञानू रडत होता आणि उपरण्यानं तोंड पुसत होता. उपरण्याला भाताची शितं चिकटली होती, ती त्याच्या गालाला लागली. मग त्यानं माझा दंड धरला आणि घरापर्यंत सोडला नाही. दाराशी आल्यावर कमरेची किल्ली काढून माझ्या हातात दिली. म्हणाला, 'तू उघड.'

"ती किल्ली पुन्हा कधी लागली नाही. मी कनातीत परत गेलोच नाही. ह्याच मळ्यात वांगी लावली, म्हातारा झालो. तेव्हा सांगायचं ते हे, की कावळ्याला वेळ लागतो. आपला माणूस कुठून तरी चाललेला असतो, तो पोचला की कावळा येतो. बसू या अजून."

मी संपवलं. गोष्ट चांगली झाली होती. मंगल ओंजळीत तोंड घालून बसली होती. जावईबापू काहीतरी मोजत असल्यासारखे बोटांकडं बघत होते.

"नाना," ते म्हणाले, "राग मानू नका. पण मिश्री, तो पिठावरचा दिवा, आणि आजी कुठंच नाहीत…"

"ज्ञानूला विचारा," मी म्हणालो.

तोंडातून सवयीनं गेलं. पन्नास वर्षं मी हेच म्हणत आलो होतो. कुणी शंका काढली की म्हणायचं, ज्ञानूला विचारा. आणि ज्ञानू जिथं असेल तिथून, औताच्या मागून किंवा जेवणाच्या ताटावरून, मान हलवायचा. उभ्या गावात ज्ञानूच्या शब्दाला खोटं म्हणणारा कुणी नव्हता. त्याची मान हलली की माझी गोष्ट खरी व्हायची.

ह्या वेळी सगळ्यांनी खडकाकडं पाहिलं.

वरचा कावळा तसाच बसला होता. भटजींनी मांडीवरची जुडी उचलली, त्यातल्या काड्या वेगळ्या केल्या आणि वळायला सुरुवात केली.

"ऱ्हाऊ द्या, भटजी," हौसावहिनी म्हणाली.

ती उठली. गुडघ्यावर हात टेकून, हळूहळू. खडकाशी गेली आणि ज्ञानू बसला होता तशीच उकिडवी बसली. आधी तिनं पानाकडं बघितलं. मग मागं न वळता बोलायला लागली.

"भावजी, ते पान तुमचं न्हवतं."

माझा हात आपसूक डाव्या पायाच्या वाकड्या बोटाकडं गेला.

"आत्याबाईंचं होतं. मिश्रीची डबी मीच ठिवली होती माझ्या हातानं. घारगं तिनंच शिकवलं होतं मला. त्याच खांबाशी गेली ती, दाराकडं तोंड करून. रामू कासारानं तुमास्नी आई गेली म्हणून सांगितलं, आन् तुमी आलासा. पानाचा माणूस बिणूस कवा केला न्हाई ह्या घरानं. तिनं करू दिला न्हाई." ती थांबली. "पालथं पडून तुमी 'रंगा, आलास' म्हणाला न्हवता. 'आये, मी आलो' म्हणाला. दोनदा म्हणाला. मी पाटी घिऊन हितंच हुभी होते."

"आई…" उत्तम म्हणाला.

"थांब. भावजींचं हे खोटं पन्नास वर्सं ऐकलं मी, ह्यांनीबी ऐकलं. हे म्हणायचे, सांगू दे त्याला. आईच्या जागी सोताला मारून त्येला जगाया येत आसंल तर सांगू दे. म्हणून मान हलवायचे. त्येचं काय न्हाई." तिनं पानावरचा भात उगाच बोटानं सारखा केला. "पर जाताना ह्यांच्या जिवाला एकच घोर लागला हुता. शेवटच्या रातीच्या आदल्या दिवशी माझा हात धरून म्हणाले, रंगाला सांगाय पायजे हुतं, मला जमलं न्हाई, तू सांग. मी दहा दिस गप ऱ्हायले. मलाबी जमत न्हवतं."

"काय सांगायचं?" मी विचारलं.

तिनं आता वळून माझ्याकडं पाहिलं.

"ह्यो माणूस जन्मात एकदाच खोटं बोलला, भावजी, आन् ते तुमी खरं धरून बसलाय. कावळा शिवलाच न्हवता. तुमच्या मानंवरनं वारा गेला, तो ह्यांच्या उपरण्याचा."